यकृताचा कठीणपणा : हात, सुई आणि लहर

मनुष्याच्या शरीरांतील बहुतेक अवयवांना आपलें दुखणें सांगण्याची कांहीं ना कांहीं भाषा आहे. हृदय धडधडतें, फुप्फुस खोकल्यानें बोलतें, पोट कळा देऊन जागें करितें. यकृत तेवढें मुकें आहे. उजव्या बरगड्यांच्या आड दडून बसलेल्या या सुमारे दीड किलो वजनाच्या अवयवाच्या बाह्य आवरणाला वेदना कळते. आंतील भागाला ती कळत नाहीं. त्यामुळें तो भाग वर्षानुवर्षें झिजत आणि घट्ट होत गेला, तरी धन्याला त्याचा पत्ता लागत नाहीं. जेव्हां पाय सुजतात, पोटांत पाणी सांठतें किंवा रक्ताची उलटी होते, तेव्हां प्रथम कळतें कीं, घरांतील सर्वांत कष्टाळू नोकर केव्हांच खचून गेला होता.

हें खचणें म्हणजे काय, तें थोडक्यांत सांगितलें पाहिजे. यकृतास पुन्हां वाढण्याची विलक्षण शक्ति आहे. परंतु दारू, कावीळ करणारे विषाणु, सांठलेली चरबी किंवा एखादा धातु यांचा मार चालूच राहिला, तर प्रत्येक जखमेच्या जागीं एक बारीक व्रण राहतो. व्रणांचे तंतु एकमेकांस मिळतात, त्यांचें जाळें होतें, आणि त्या जाळ्याच्या घरांतून उरलेला भाग गांठीगांठींनीं वाढूं लागतो. मऊ अवयव अशा रीतीनें आधीं चिवट आणि शेवटीं लांकडासारखा टणक होतो. आंतड्यांकडून येणाऱ्या रक्ताला त्यांतून वाट मिळेनाशी होते आणि तें मागें तुंबतें. या शेवटच्या अवस्थेस डॉक्टर लोक सिऱ्हॉसिस म्हणतात. अर्थात् रोग किती पुढें गेला, हें यकृताच्या कठीणपणावरून ओळखतां येतें. प्रश्न एवढाच कीं, बरगड्यांच्या आडचा कठीणपणा ओळखावा कसा?

या प्रश्नास वैद्यकानें आजवर तीन उत्तरें दिलीं. पहिलें हाताचें, दुसरें सुईचें आणि तिसरें लहरीचें. हें तिसरें उत्तर आतां आपल्या घरांत येऊन पोंचलें आहे. ठाणें, कल्याण, डोंबिवली या शहरांतील अनेक मध्यमवर्गीय घरांत, जेथें विम्याचे कागद आणि विजेचीं बिलें ठेविलेलीं असतात तेथेंच, 'किलोपास्कल' या अपरिचित शब्दापुढें कांहीं आंकडा छापलेला एखादा तपासणीचा कागदही सांपडतो. हा आंकडा कोठून आला, त्याच्या आधीं त्याच्या जागीं काय होतें, आणि त्यावर किती विसंबावें, याचा इतिहास वाचकांपुढें मांडावा असा आमचा हेतु आहे. या इतिहासांत महाराष्ट्राचा स्वतःचा असा एक अध्याय आहे. तो दुःखाचा आहे, तितकाच अभिमानाचाही आहे. आणि आजच्या आंकड्याचा अर्थ समजून घेण्यास तोच सर्वांत उपयोगी आहे, असें आम्हांस वाटतें.

हाताचें उत्तर फार जुनें. चरकसंहितेंत उदररोगांचें जें प्रकरण आहे, त्यांत वाढलेली प्लीहा प्रथम लोहाराच्या ऐरणीप्रमाणें किंवा दगडाप्रमाणें कठीण व पुढें कासवाच्या पाठीसारखी हातास लागते, असें वर्णन आहे. आणि उजव्या बाजूस यकृताचेंही तसेंच समजावें, असें सांगितलें आहे. सुश्रुतानें तर पोटांत सांठलेलें पाणी नळीनें काढण्याची क्रिया सांगून, सर्व पाणी एकाच दिवशीं काढूं नये, असा इशाराही दिला आहे. तो इशारा आजही खोटा ठरलेला नाहीं. परंतु या वर्णनांतील रोगी कोणत्या अवस्थेंतला आहे, हें लक्षांत घेण्यासारखें आहे. ज्याचें यकृत दगडासारखें हातास लागतें आणि ज्याचें पोट पखालीसारखें हेलकावतें, त्याचा रोग शेवटच्या पायरीवर आलेला असतो. हात खोटें बोलत नव्हता. तो उशिरां बोलत होता.

युरोपांत हाताच्या या विद्येस अठराव्या शतकांत कानाची जोड मिळाली. व्हिएन्नाच्या लेओपोल्ड आउएनब्रुगर यानें १७६१ सालीं बोटानें छातीवर ठोकून आवाजावरून आंतील स्थिति ओळखण्याची रीत प्रसिद्ध केली. त्याचा बाप खाणावळवाला होता, आणि पिंपांत दारू कोठवर आहे हें तो पिंपावर टिचक्या मारून पाही. त्यावरून मुलास ही युक्ति सुचली, असें सांगतात. तिच्याकडे फारसें कोणी लक्ष दिलें नाहीं. १८०८ मध्यें फ्रान्सच्या कॉर्व्हिझारनें त्या पुस्तकाचें भाषांतर केल्यावर ती सर्वत्र रूढ झाली. यकृताच्या जागेवर ठोकलें असतां बद्द आवाज येतो, आणि त्या बद्द आवाजाची सीमा काढीत गेलें म्हणजे यकृताचा आकार समजतो. १८१६ मध्यें लाएनेकनें छाती तपासण्याची नळी काढिली, आणि १८१९ च्या आपल्या ग्रंथांत त्यानेंच या रोगास 'सिऱ्हॉसिस' हें नांव दिलें. गंमत अशी कीं, हें नांव कठीणपणावरून पडलेलें नाहीं. ग्रीक भाषेंत 'किर्रोस' म्हणजे पिंगट. प्रेत उघडल्यावर यकृत पिंगट दिसलें म्हणून हें नांव. म्हणजे रोगाचें बारसें झालें तेंही रोगी गेल्यानंतर.

एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत ही पाश्चात्य विद्या मिळविण्यासाठीं आपल्या कल्याणचीच एक कन्या सातासमुद्रांपलीकडे गेली. आनंदीबाई जोशी यांचा जन्म ३१ मार्च १८६५ रोजीं कल्याण येथें झाला. १८८३ मध्यें त्या अमेरिकेस गेल्या, १८८६ मध्यें पेनसिल्व्हेनियाच्या स्त्रियांच्या वैद्यकीय महाविद्यालयाची पदवी त्यांनीं मिळविली, कोल्हापूरच्या इस्पितळांत त्यांची नेमणूकही झाली. परंतु २६ फेब्रुवारी १८८७ रोजीं क्षयानें त्यांचा पुण्यास अंत झाला. त्या जगल्या असत्या आणि एखाद्या आईनें पोट फुगलेलें मूल त्यांच्यापुढें आणलें असतें, तर त्यांच्यापाशीं कोणतें साधन असतें? स्वतःचीं दहा बोटें आणि लाएनेकची नळी. त्या काळच्या उत्तमांतील उत्तम डॉक्टरापाशींही यकृतासाठीं याहून अधिक कांहीं नव्हतें.

आणि असें मूल त्यांच्यापुढें खात्रीनें आलें असतें. ज्या १८८७ सालीं आनंदीबाई गेल्या, त्याच सालीं कलकत्त्याच्या सेन नांवाच्या डॉक्टरांनीं लहान मुलांच्या एका विलक्षण यकृतरोगाचें वर्णन केलें. पुढें त्यास 'भारतीय बालकांचा सिऱ्हॉसिस' असें नांव पडलें. सहा महिन्यांपासून तीनचार वर्षांपर्यंतचें मूल. सुरुवातीला थोडें चिडचिडें, मंद ताप, अन्नावरची वासना उडालेली. मग पोट मोठें दिसूं लागे. डॉक्टरानें बरगडीखालीं बोटें ठेविलीं कीं त्यांना टणक यकृत लागे, आणि त्याची कडा पानासारखी पातळ व धारदार असे. ही कडा ज्याच्या बोटांना एकदां लागली, त्याला निदानासाठीं दुसऱ्या पुराव्याची गरज नसे. कावीळ आणि पोटांत पाणी हीं पुढचीं पावलें. आणि बहुतेक मुलें कांहीं महिन्यांतच दगावत. एकाच घरांतलीं दोन, क्वचित् तीन भावंडें एकामागून एक जात. महाराष्ट्रांतल्या कितीतरी घरांत 'यकृत वाढून गेलें' हे शब्द आजीच्या तोंडून ऐकूं येत, त्यांच्यामागें हाच रोग पुष्कळदां असला पाहिजे.

मूळ कारण काय, तें सुमारे शंभर वर्षें कोणास उमगलें नाहीं. कोणी आईच्या दुधास दोष दिला, कोणी कुळास, कोणी विषाणूस. हात फक्त निकाल सांगत होता. गुन्हा कोणी केला तें सांगण्याची शक्ति त्याच्यांत नव्हती.

येथें सुईचें उत्तर उपयोगी पडलें. जिवंत माणसाच्या यकृतांत सुई घालून त्याचा कण बाहेर काढण्याचा पहिला प्रयोग जर्मनींतील पॉल एर्लिख यानें १८८३ मध्यें केला, असें मानतात. परंतु ही क्रिया पुष्कळ वर्षें भीतीचीच राहिली. इटलीच्या मेन्घिनीनें १९५८ मध्यें अशी सुई व अशी रीत काढिली कीं, सुई प्रत्यक्ष यकृतांत अवघा एक सेकंद राहावी. तेव्हांपासून बायॉप्सी ही मोठ्या इस्पितळांतली नित्याची गोष्ट झाली. सूक्ष्मदर्शकाखालीं तंतूंचें जाळें कितपत पसरलें आहे तें पाहून त्याच्या पायऱ्या ठरल्या: तंतु मुळींच नाहींत तेथें शून्य, आणि सिऱ्हॉसिस म्हणजे चार.

सुईची किंमतही होती. तिनें निघणारा कण सबंध यकृताच्या सुमारे पन्नास हजाराव्या हिश्श्याएवढा. त्यामुळें एका जागीं व्रण आणि दोन बोटांवर निरोगी भाग, असें असल्यास निकाल फसवा निघे. कांहींना वेदना होत, क्वचित् आंत रक्तस्राव होई, आणि सुमारे दहा हजारांत एक रोगी दगावे. हा धोका अल्प खरा. परंतु ज्याला कांहींच दुखत नाहीं अशा माणसास 'तुझ्या यकृतांत सुई घालूं दे' असें सांगितल्यास तो घरचा रस्ता धरील, यांत नवल नाहीं. त्याच माणसाला तपासून घेण्याची सर्वांत अधिक गरज असे.

तरीही आपल्या मुलांच्या रोगाचा गुन्हेगार सांपडला तो सुईमुळेंच. लंडनच्या किंग्ज कॉलेज हॉस्पिटलांतील पोर्टमन, टॅनर, मोवॅट आणि विल्यम्स यांनीं अशा मुलांच्या यकृताचे कण एका विशिष्ट रंगानें रंगवून १९७८ मध्यें दाखविलें कीं, त्यांत तांब्याच्या संचयाच्या खुणा ठासून भरल्या आहेत. पुढच्याच वर्षीं प्रत्यक्ष मोजणीनेंही तांबें निरोगी यकृताच्या अनेक पटींनीं अधिक असल्याचें सिद्ध झालें. आतां प्रश्न उरला कीं, दोन वर्षांच्या मुलाच्या पोटांत इतकें तांबें येतें कोठून? त्याचें उत्तर पुण्यास मिळालें. रास्ता पेठेंतील के. ई. एम्. हॉस्पिटलांत डॉ. शीला भावे व डॉ. आनंद पंडित यांनीं टॅनर यांच्यासह आजारी मुलांच्या घरचा आहार खोदून खोदून विचारला आणि १९८३ मध्यें आपला निष्कर्ष 'लॅन्सेट' पत्रांत प्रसिद्ध केला. रोगी मुलांना जन्मानंतर लवकरच गाईम्हशीचें वरचें दूध सुरू झालेलें होतें, आणि तें दूध तांब्यापितळेच्या भांड्यांत तापविलेलें व ठेविलेलें असे.

या ठिकाणीं आम्ही वाचकांस आपल्या जुन्या स्वयंपाकघरांत घेऊन जाऊं इच्छितों. पितळेच्या भांड्यांत तांबें असतें आणि तें अन्नांत उतरतें, हें आमच्या आज्यांना ठाऊक नव्हतें असें कोण म्हणेल? त्यासाठीं आपल्या भाषेंत 'कळकणें' असें स्वतंत्र क्रियापदच आहे. ताक कळकलें, आमटी कळकली, म्हणजे भांड्याचा कस तिच्यांत उतरला. म्हणूनच दारावर कल्हईवाला येई, भाता लावून भांडें तापवी, नवसागर टाकून कथलाचा हात फिरवी आणि कापसाच्या बोळ्यानें पुशी; क्षणांत पिवळें भांडें आंतून चांदीसारखें होई. परंतु ही सारी दक्षता आंबट पदार्थांसाठीं होती, कारण आंबट पदार्थ कळकला कीं जीभ ओळखते. दूध आंबट नाहीं. दुधांतील केसीन नांवाचें सत्त्व भांड्याचें तांबें गुपचूप उचलून आपल्याशीं बांधून ठेवितें. रंग बदलत नाहीं, चवही फारशी बदलत नाहीं. कल्हई उडालेल्या पितळी पातेल्यांत तें तासन् तास राहिलें, पुन्हां पुन्हां तापलें, आणि मग तान्ह्या मुलाच्या तोंडीं गेलें. ज्या यकृताला तांबें बाहेर टाकण्याची कला अजून नीट साधलेली नाहीं, त्यांत तें दिवसेंदिवस सांठत गेलें. माया उतू जाणाऱ्या हातांनींच तें दिलें, हें या कहाणींतलें सर्वांत मोठें दुःख.

तांबें बांधून बाहेर काढणारें पेनिसिलामाइन हें औषध लवकर दिल्यास मुलें जगण्याचें प्रमाण वाढतें, हेंही पुण्याच्या अभ्यासांतून १९८७ मध्यें पुढें आलें. परंतु खरा विजय औषधाचा नव्हता. मुलाचें दूध पितळेच्या भांड्यांत तापवूं नका, ठेवूं नका, हा साधा निरोप घरोघर गेला. त्याच सुमारास स्टेनलेस स्टीलचीं भांडीं खेड्यापाड्यांपर्यंत पोंचलीं. आणि विसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकापर्यंत ज्या रोगानें इस्पितळांचे बालविभाग भरत, तो दिसेनासा झाला. आमचाच देश एवढा अभागी होता असेंही नाहीं. ऑस्ट्रियांतील टायरोल प्रांतांत १९०० ते १९७४ या काळांत १३८ बालकें अशाच सिऱ्हॉसिसनें गेलीं, आणि तेथेंही कल्हई नसलेल्या तांब्याच्या भांड्यांत आटविलेलें दूधच निमित्त होतें, असें १९९६ मध्यें दाखविण्यांत आलें. तेथें कांहीं कुळांत हा दोष अंगचा असल्याशिवाय केवळ भांड्यानें रोग होत नसे, असेंही दिसून आलें. कुळ बदलतां येत नाहीं. पातेलें बदलतां येतें. तेवढें पुरलें.

आतां तिसऱ्या उत्तराकडे वळूं. हाताला जें कळत होतें तेंच यंत्राला लवकर, सुईशिवाय आणि आंकड्यांत कळलें, तर? या कल्पनेचें मूळ थॉमस यंग या इंग्रज पंडितापर्यंत जातें. पदार्थ दाबला किंवा ताणला असतां तो किती विरोध करितो, याचें माप १८०७ मध्यें प्रसिद्ध झालेल्या त्याच्या व्याख्यानांमुळें त्याच्याच नांवानें ओळखलें जातें. जिवंत शरीराला हें माप लावण्याची विद्या मात्र अलीकडची. अमेरिकेंतील ह्यूस्टन येथील ऑफिर व त्याचे सहकारी यांनीं १९९१ मध्यें ध्वनिलहरींच्या साह्यानें ऊतींचा ताठपणा चित्रांत उतरविण्याची रीत मांडली व तिला 'इलॅस्टोग्राफी' हें नांव दिलें. १९९५ मध्यें मेयो क्लिनिकच्या राजा मुथुपिल्लै, रिचर्ड एहमन प्रभृतींनीं तेंच काम एम्. आर्. आय्. यंत्राकडून करवून घेतलें. यकृतासाठीं सर्वांत प्रसिद्धीस आलेलें फायब्रोस्कॅन हें यंत्र पॅरिसचें. लोराँ सांद्रॅ आणि त्याच्या सहकाऱ्यांनीं तें उभें केलें. २००१ मध्यें त्यासाठीं कंपनी निघाली आणि २००३ मध्यें त्याची रीत शास्त्रीय पत्रांतून प्रसिद्ध झाली.

तिचें तत्त्व कोणालाही समजण्यासारखें आहे. ढिली दोरी हलविली तर लाट सावकाश जाते, ताणलेल्या दोरींतून ती झपाट्यानें जाते. त्याचप्रमाणें मऊ यकृतांतून धक्क्याची लाट हळू जाते आणि कठीण यकृतांतून वेगानें. यंत्राची दांडी बरगड्यांमधील फटीवर टेकवून ती एक हलकीशी टिचकी देते; सेकंदास पन्नास आंदोलनांची ती लाट आंत शिरते; आणि पाठोपाठ त्याच दांडींतून सोडलेल्या सूक्ष्म ध्वनिलहरी ती लाट कोठवर गेली हें पाहत राहतात. निरोगी यकृतांत ही लाट सेकंदास सुमारे १.३ मीटर वेगानें जाते. म्हणजे घाई नसतांना स्टेशनाकडे चालत निघालेल्या माणसाचा तो वेग. पाहणाऱ्या ध्वनिलहरी मात्र सेकंदास दीड हजार मीटरांहून अधिक धांवतात, म्हणूनच त्या तिचीं पावलें मोजूं शकतात. वेगाचा वर्ग करून त्यास तीन व घनता यांनीं गुणिलें कीं किलोपास्कल मिळतात: १.३ मीटरांस सुमारे ५, आणि वेग दुप्पट म्हणजे २.६ मीटर झाला कीं चौपट, म्हणजे सुमारे २०. सायकलस्वाराच्या वेगास, म्हणजे सेकंदास ५ मीटरांस, ही लाट पोंचली कीं आंकडा ७५ होतो आणि यंत्राची पट्टीच संपते. आउएनब्रुगरच्या बापानें पिंपावर मारलेल्या टिचकीचा हा दूरचा वंशज, असें म्हटल्यास चालेल.

दहा वेळां मोजून मधला आंकडा घेतात. सारें काम दहापंधरा मिनिटांत होतें. रोगी उठून घरीं जातो. मोजला जाणारा भागही सुईच्या कणाच्या सुमारे शंभर पट मोठा असतो. यकृतांत चरबी किती आहे याचाही अंदाज तेंच यंत्र ध्वनिलहरी किती मंदावल्या त्यावरून देतें. हल्लींच्या चांगल्या सोनोग्राफी यंत्रांत बाहेरून टिचकी न देतां ध्वनीच्याच दाबानें आंत लाट उठविण्याची सोय असते, तिला शिअर वेव्ह म्हणतात, आणि एम्. आर्. आय्. ची रीत सबंध यकृताचा नकाशा देते, मात्र ती महाग पडते.

आंकडा हातीं आला कीं तो स्वतःच बोलतो असें लोकांस वाटतें. येथें सावध राहिलें पाहिजे. यंत्र तंतु मोजीत नाहीं, ताठपणा मोजतें. आणि ताठपणा येण्यास व्रणांवांचून इतरही कारणें आहेत. भरपेट जेवून गेल्यास रक्ताच्या पुरानें यकृत तात्पुरतें ताठ होतें, म्हणून किमान तीन तास उपाशी राहावें लागतें. कावीळ भरांत असतां, पित्ताची वाट अडली असतां, किंवा हृदय थकून रक्त मागें तुंबलें असतां आंकडा फुगतो. पोटांत पाणी असल्यास ती लाट पाण्यांतून जातच नाहीं. कातडीखालीं चरबीचा जाड थर असल्यास निराळी दांडी लागते. इटलींतील बाव्हेनो येथें २०१५ मध्यें जमलेल्या तज्ज्ञांनीं या रीतीसाठीं सर्वसाधारण नियम सांगितला तो असा: दुसरीं लक्षणें नसतां १० किलोपास्कलच्या आंत बहुधा गंभीर रोग नाहीं, १५ च्या वर असल्यास त्याची दाट शंका धरावी, मधल्यांनीं पुढील तपासणी करावी. एका कागदावरच्या ८ आंकड्यानें कोणी झोप घालवूं नये, आणि ६ आंकड्यानें कोणी उद्यांच्या मेजवानीची परवानगीही मिळाली असें समजूं नये.

हा विषय ठाण्याकल्याणच्या वाचकांस जवळचा कां, तें आतां सांगतों. १६ एप्रिल १८५३ रोजीं आगगाडी ठाण्यास आली आणि १ मे १८५४ रोजीं कल्याणास पोंचली. त्या रुळांनीं या गांवांचें नशीब बदललें. २०११ च्या खानेसुमारींत ठाणें शहर अठरा लक्षांवर आणि कल्याण-डोंबिवली बारा लक्षांवर गेली होती. यांतील लाखों माणसें पहांटे डबा घेऊन निघतात, गाडींत लोंबकळत जातात, दिवसभर खुर्चीवर बसतात, येतांना स्टेशनाबाहेर वडापाव खातात आणि रात्रीं दहाला जेवून लगेच झोंपतात. कष्ट पुष्कळ आहेत. परंतु ते शरीराला व्यायाम घडविणारे कष्ट नाहींत. अशा जीवनानें यकृतावर चरबी चढते, आणि दारूचा थेंब न शिवलेल्या माणसाचें यकृतही तिच्या मारानें पुढें कठीण होऊं शकतें, ही गोष्ट जुन्या पिढीला ठाऊक नव्हती.

ही गोष्ट आमच्या भागांत आंकड्यांनीं दाखविणाऱ्यांत मुंबईचे डॉ. दीपक अमरापूरकर अग्रभागीं होते. रेल्वे कामगारांच्या वसाहतींतील प्रौढ माणसांची सोनोग्राफी करून त्यांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं २००७ मध्यें दाखविलें कीं, दर सहा माणसांत सुमारे एकाच्या यकृतांत चरबी सांठलेली आहे. हे लोक रोगी म्हणून दवाखान्यांत आलेले नव्हते; ते आपापल्या घरीं सुखानें नांदत होते. यकृताचें मुकेपण म्हणतात तें हेंच. २९ ऑगस्ट २०१७ च्या अतिवृष्टींत मुंबईच्या रस्त्यावरील एका उघड्या मॅनहोलमध्यें पडून या विद्वान् डॉक्टरांचा अंत झाला. दिसत नसलेल्या धोक्याची सूचना लोकांना देण्यांत ज्यांचें आयुष्य गेलें, त्यांना पाण्याखालीं दडलेलाच धोका भोंवला, ही आठवण आम्हांस विषण्ण करिते.

मग प्रत्येकानें यंत्राखालीं जावें काय? तसें कोणी सांगत नाहीं, आणि तें शक्यही नाहीं. केंद्र सरकारनें २०१८ मध्यें विषाणूंच्या काविळीसाठीं राष्ट्रीय कार्यक्रम काढिला, आणि २०२१ मध्यें चरबीजन्य यकृतरोगाचा समावेश मधुमेह, हृद्रोग आदींच्या राष्ट्रीय कार्यक्रमांत केला. तज्ज्ञांनीं सुचविलेली वाट दोन पायऱ्यांची आहे. रोग्याचें वय, रक्तांतील यकृताचीं दोन एन्झाइम्स आणि प्लेटलेट्स यांवरून 'फिब-४' नांवाचा एक हिशेब करितात. त्याला लागणारी रक्ततपासणी कोणत्याही छोट्या प्रयोगशाळेंत होते. मधुमेही, स्थूल, दारूच्या सवयीचे आणि 'बी' किंवा 'सी' काविळीचे रोगी यांचा हा हिशेब आधीं करावा, आणि ज्यांचा आंकडा शंकास्पद येईल त्यांनाच यंत्राकडे पाठवावें. खासगी केंद्रांत पैसे मोजून कोणीही निरोगी माणूस उद्यां आपलें यकृत मोजून घेऊं शकतो, आणि ज्याला खरी गरज आहे तो हातावर पोट असलेला मधुमेही त्यावांचून राहतो; ही उलटी वाटणी सुलटी होईल ती या पहिल्या पायरीच्या योगानें, आणि ती पायरी बांधण्यास फार पैसा लागत नाहीं. सरकारी व नगरपालिकांच्या दवाखान्यांत मधुमेह्याचें रक्त तपासलें जातेंच. त्याच कागदावर हा हिशेबही मांडावा, एवढीच आमची सूचना आहे.

लवकर कळण्याला आज जो अर्थ आला आहे तो पूर्वीं नव्हता. यकृत एकदां कठीण झालें कीं मऊ होत नाहीं, असा पुष्कळ दिवस समज होता. आतां दिसून आलें आहे कीं, मार थांबला तर व्रणांचे तंतु पुष्कळ अंशीं मागें हटतात. 'सी' प्रकारची कावीळ कांहीं आठवड्यांच्या गोळ्यांनीं बहुतेकांत समूळ बरी होते, 'बी' प्रकारची आटोक्यांत राहते, दारू सोडतां येते, आणि शरीराच्या वजनाचा दहावा हिस्सा उतरविल्यास चरबीच्या रोगांतही अनेकांचे तंतु विरळ होतात. म्हणजे लाट जो कठीणपणा सांगते, तो बहुतेकदां अजून परतण्याजोगा असतो. चरकाच्या वैद्याला आणि आनंदीबाईंच्या काळच्या डॉक्टराला हें भाग्य लाभलें नव्हतें.

परंतु यंत्राच्या कौतुकांत पुण्याच्या त्या पितळी पातेल्याची आठवण बुजूं देऊं नये. त्या रोगाचें यकृत हातानें ओळखलें, सुईनें तपासलें, तरी मुलें जातच होतीं. कोणीतरी घरीं जाऊन 'बाळाचें दूध कशांत तापवितां?' असें विचारलें, तेव्हां तीं वाचूं लागलीं. आजच्या किलोपास्कलांचाही उपयोग तेवढाच. तो आंकडा हातीं आल्यावर डॉक्टरानें रोग्यास आणि रोग्यानें स्वतःस विचारलें पाहिजे कीं, हा मार येतो कोठून. रात्रीच्या ताटांतून, बाटलींतून, दिवसभराच्या खुर्चींतून, कीं कधींकाळीं अंगांत शिरलेल्या विषाणूंतून? हा प्रश्न ज्यानें विचारला नाहीं त्याच्यासाठीं पॅरिसचें यंत्र आणि आजीचा हात यांत फारसा फरक उरत नाहीं. दोघेही नुसता निकाल सांगतात.